एका व्हॉल्व्हचा डिटेक्टर: प्रकल्प नोंदी

२० मे २०१२

प्रयोगशाळेसाठी करावयाच्या फलकाची कल्पना आज कागदावर उतरली. एक ट्रायोड व्हॉल्व्ह (तापलेला कॅथोड, त्यासमोर ग्रिड म्हणजे जाळी, आणि प्लेट असे तीन इलेक्ट्रोड असलेली नळी), एक कॉइल, केंद्र लावण्यासाठी एक गँग कंडेन्सर आणि हेडफोन एवढ्याच सामग्रीवर केवळ जोडण्या बदलून, १९०४ ते १९१४ या काळात रेडिओच्या डिटेक्टरमध्ये, म्हणजे लहरीतून आवाज सुटा करणाऱ्या घटकात, जे बदल झाले ते विद्यार्थ्यांना कानांनी आणि मीटरने पडताळता यावेत, असा हेतू आहे. पदविकेच्या अभ्यासक्रमात हा विषय आता जवळजवळ उरलेला नाही; जिथे उरला आहे तिथे ‘ग्रिड सिग्नलचे एकदिशीकरण करते आणि प्लेट तो वाढवते’ अशा एका ओळीत तो उरकला जातो. ही ओळ बरोबर आहे. मात्र ज्या ली डी फॉरेस्टने व्हॉल्व्हमध्ये ग्रिड बसवली त्याला ती सांगता आली नसती, आणि ती का सांगता आली नसती हे उमगल्याशिवाय ती पाठ करण्यात अर्थ नाही, असे माझे मत आहे.

मूळ प्रश्न असा आहे. सांगली केंद्राची वाहक लहर सेकंदाला साडेबारा लाखांहून अधिक वेळा वरखाली होते आणि बोलणाऱ्याचा आवाज त्या लहरीच्या उंचीतील चढउताराच्या रूपाने तिच्यावर स्वार झालेला असतो. वरचा अर्धा भाग आणि खालचा अर्धा भाग अगदी सारखे असल्यामुळे त्यांची सरासरी शून्य येते, त्यामुळे अशी लहर थेट हेडफोनला दिली तर पडदा जागचा हलत नाही. दोन्ही अर्ध्यांना वेगळी वागणूक देणारा, म्हणजे ज्याच्या व्होल्टेज आणि प्रवाहाच्या आलेखाला वाक आहे असा एखादा घटक मध्ये असल्याशिवाय आवाज सुटा होत नाही. त्या दशकातील सगळ्या डिटेक्टरांचा इतिहास हा योग्य ठिकाणी योग्य वाक शोधण्याचा इतिहास आहे.

२७ मे २०१२

साहित्य जमवले. कोल्हापूरचे आकाशवाणी केंद्र एफएमवर असल्यामुळे ते आपल्या उपयोगाचे नाही. दिवसा भरवशाने मिळणारे मध्यम लहरींचे केंद्र म्हणजे सांगली, १२५१ किलोहर्ट्झ. त्याखालोखाल धारवाड ७६५ आणि पुणे ७९२ किलोहर्ट्झवर आहेत. ही दोन केंद्रे डायलवर एकमेकांच्या इतकी जवळ असणे पुढे निवडक्षमतेच्या, म्हणजे शेजारची केंद्रे वेगळी करण्याच्या, परीक्षेला उपयोगी पडेल.

उद्यमनगरात मोटर रिवाइंडिंग करणाऱ्यांकडे इनॅमलची तार वजनावर मिळते. तेथून २६ गेजची तार आणली आणि ६३ मिलिमीटरच्या पीव्हीसी पाइपावर ५० वेढे दिले. हिशेबाने ही कॉइल सुमारे १८० मायक्रोहेन्रीची होते आणि ५०० पिकोफॅरडच्या गँगबरोबर मध्यम लहरींचा सगळा पट्टा व्यापते. गँग, हेडफोनसाठी आउटपुट ट्रान्सफॉर्मर, अभ्रकाचे कंडेन्सर आणि ईसीसी ८२ हा व्हॉल्व्ह रेडिओ दुरुस्तीत हयात घालवलेल्या अण्णांच्या दुकानातून मिळाला. ईसीसी ८२ च्या एका काचेत दोन ट्रायोड असतात. आपण एकच वापरणार आहोत.

प्लेटसाठी नऊ व्होल्टच्या पाच बॅटऱ्या एकापुढे एक जोडून ४५ व्होल्ट, आणि कॅथोड तापवणाऱ्या हीटरसाठी सहा व्होल्टची लेड-अ‍ॅसिड बॅटरी. विजेच्या लाइनवरचा पुरवठा मुद्दाम टाळला आहे, कारण तिचा गुणगुणाट आणि डिटेक्टरचा दोष यांत विद्यार्थ्यांची गल्लत होते.

२ जून २०१२

पहिला प्रयोग फ्लेमिंगचा. ग्रिड आणि प्लेट एकत्र बांधून ट्रायोडचा डायोड, म्हणजे दोनच इलेक्ट्रोडांची नळी, केला.

जॉन अ‍ॅम्ब्रोज फ्लेमिंग हे लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात प्राध्यापक आणि मार्कोनी कंपनीचे सल्लागार होते. दिव्याच्या काचेत तापलेल्या तंतूसमोर धातूची पट्टी ठेवली तर प्रवाह एकाच दिशेने वाहतो, हा एडिसनने १८८० च्या दशकात नोंदवलेला परिणाम त्यांच्या परिचयाचा होता. त्याच गुणाचा उपयोग रेडिओ लहरींसाठी करण्याचे पेटंट त्यांनी १६ नोव्हेंबर १९०४ रोजी ब्रिटनमध्ये दाखल केले. त्यांना ऐकू कमी येत असे, त्यामुळे टेलिफोन कानाला लावण्यापेक्षा आरशाच्या गॅल्व्हानोमीटरवर सिग्नल डोळ्यांनी पाहण्याची त्यांना ओढ होती, आणि गॅल्व्हानोमीटरला तर एका दिशेचा प्रवाहच लागतो. त्याच वर्षी मार्च महिन्यात जगदीशचंद्र बोस यांना गॅलेना स्फटिकाच्या डिटेक्टरचे अमेरिकन पेटंट मिळाले होते, हेही विद्यार्थ्यांना सांगावयाचे आहे. निर्वात नळी आणि अर्धवाहक यांची स्पर्धा पहिल्या दिवसापासूनची आहे.

फलकावर सांगली ऐकू आली, पण आवाज जर्मेनियम डायोडपेक्षा लहान आणि केंद्र डायलवर फार रुंद पसरलेले. पसरण्याचे कारण असे की तापलेल्या कॅथोडमधून निघणाऱ्या इलेक्ट्रॉनांना मुळातच थोडा वेग असतो, त्यामुळे पट्टीवर शून्य व्होल्ट असतानाही प्रवाह वाहतच असतो आणि डायोड कॉइलवर सततचा भार टाकतो. पट्टीला कॅथोडच्या तुलनेत सुमारे ०.७ व्होल्ट ऋण दाब दिल्यावर आवाज लक्षणीय सुधारला. आलेखाचा वाक शून्यावर नसून त्याच्या डावीकडे आहे.

५ जून २०१२

वाक नेमका किती तीव्र आहे हे मोजले. प्लेटला ४५ व्होल्ट देऊन ग्रिडचा प्रवाह मायक्रोअँपिअरमध्ये नोंदवत गेलो. उणे एक व्होल्टच्या आसपास तो जाणवू लागतो आणि त्यापुढे ग्रिडचे व्होल्टेज दर ०.२ व्होल्टने वाढवले की प्रवाह साधारण दहापट होतो. हा आकडा कॅथोडच्या तापमानाशी जुळतो: सुमारे १०५० केल्व्हिनला इलेक्ट्रॉनांच्या औष्णिक ऊर्जेचे व्होल्टेज ०.०९ भरते, आणि त्याला २.३ ने गुणले की ०.२ येतात. खोलीच्या तापमानाच्या स्फटिकासाठी हेच व्होल्टेज ०.०२६ असते. म्हणजे अशक्त सिग्नलपुरते बोलायचे तर तापलेल्या नळीचा वाक स्फटिकाच्या वाकापेक्षा तिपटीहून अधिक बोथट आहे, आणि फ्लेमिंगच्या व्हॉल्व्हने स्फटिकाला का हटवले नाही याचे उत्तर या एका गुणोत्तरात आहे. व्हॉल्व्हची बाजू टिकाऊपणाची होती. स्फटिकावर सुईची जागा पुन्हा पुन्हा शोधावी लागे, जहाजाच्या हादऱ्याने ती हुकत असे, आणि व्हॉल्व्हला असे काही करावे लागत नसे.

१० जून २०१२

आज ग्रिड सुटी करून ऑडिऑनची, म्हणजे डी फॉरेस्टच्या ग्रिड असलेल्या नळीची, मूळ जोडणी केली: कॉइलचे वरचे टोक २५० पिकोफॅरडच्या कंडेन्सरमधून ग्रिडला, प्लेटमध्ये ट्रान्सफॉर्मर आणि बॅटरी, आणि ग्रिडपासून कॅथोडकडे दुसरी कोणतीही वाट नाही. डी फॉरेस्टने १९०६ च्या अखेरीस तिसरा इलेक्ट्रोड बसवला आणि ग्रिड असलेल्या डिटेक्टरचे पेटंट त्याला फेब्रुवारी १९०८ मध्ये मिळाले. ग्रिडच्या वाटेत कंडेन्सर लागतो हे त्याला प्रयोगाने कळले होते, पण त्या कंडेन्सरवर साठलेला भार परत कोठून जातो याचा त्याने विचार केल्याचे दिसत नाही. नळीत उरलेला वायू आवश्यक आहे आणि डिटेक्शन त्या वायूमुळे होते, अशी त्याची समजूत होती.

एका अर्थी त्याच्या नळीपुरते ते खरेही होते. सिग्नल आला की ग्रिड आपल्या धन अर्ध्यांत इलेक्ट्रॉन गोळा करते आणि ऋण होत जाते. तो भार निघून जाण्यासाठी वाट हवी. ऑडिऑनमधील वायूचे धन आयन ऋण ग्रिडवर येऊन तो भार फेडत असत, आणि काचेच्या व बैठकीच्या पृष्ठभागावरून थोडीफार गळती होतच असे. १९१२-१३ च्या सुमारास जनरल इलेक्ट्रिकमध्ये अर्व्हिंग लँगम्यूर आणि टेलिफोन कंपनीत हॅरल्ड आर्नोल्ड यांनी नळ्या पुरत्या निर्वात केल्या, तेव्हा ही आयती वाट बंद झाली.

आमची ईसीसी ८२ पुरती निर्वात आहे, त्यामुळे तिच्यावर हा फरक स्वच्छ दिसला. सांगली ऐकू येते, पण आवाज घोंगडीत गुंडाळल्यासारखा. दुपारी वळवाचे ढग भरून आले होते. पन्हाळ्याच्या बाजूला वीज कडाडली की हेडफोनमध्ये एक चटका बसे आणि त्यानंतर कार्यक्रम गायब होऊन क्षणभराने हळूहळू परत येई. प्लेटच्या मिलिअँपिअर मीटरवर ही गोष्ट कानांपेक्षा चांगली कळते: विजेसरशी काटा १.६ वरून जवळजवळ शून्यावर आदळतो आणि मग सावकाश वर सरकतो. ग्रिडवर एकदम जमलेला ऋण भार ओसरेपर्यंत व्हॉल्व्ह कोंडलेला असतो.

२४ जून २०१२

आजची जोडणी या फलकाचा गाभा आहे. ग्रिड आणि कॅथोड यांच्यामध्ये एक मेगओहमचा रेझिस्टर, म्हणजे ग्रिडवरचा भार झिरपू देणारी ‘लीक’, जोडला. कोंडणे थांबले, आवाज मोकळा झाला आणि सांगलीच्या निवेदकाचे शब्द सुटे ऐकू येऊ लागले. शेजारी बसलेले अण्णा एवढेच म्हणाले, “लीक बदलून बघा सर, दर सेटची आवड वेगळी असतीया.”

आता क्रम पाहावा. ग्रिड आणि कॅथोड मिळून एक डायोड होतो, म्हणजे फ्लेमिंगचा व्हॉल्व्ह या नळीच्या आत लपलेला आहे. सिग्नल नसताना लीकमधून अर्ध्या मायक्रोअँपिअरच्या वर थोडा प्रवाह वाहतो आणि ग्रिड सुमारे उणे ०.६ व्होल्टवर, म्हणजे आलेखाच्या वाकावर आपोआप येऊन बसते. डायोडला आम्ही बॅटरीने द्यावा लागलेला ऋण दाब येथे लीक फुकट देते. सिग्नल आला की ग्रिडचे सरासरी व्होल्टेज आणखी ऋण बाजूला सरकते आणि वाहक लहरीच्या उंचीबरोबर कमीजास्त होत राहते. ही सरकणारी सरासरी म्हणजेच आवाज. ती त्याच ग्रिडवर असल्यामुळे प्लेटचा प्रवाह तिच्यामागे जातो आणि आवाज साधारण दहापट होऊन ट्रान्सफॉर्मरला मिळतो. एका काचेत आधी डायोड डिटेक्टर आणि मागे ध्वनी अ‍ॅम्प्लिफायर, असे दोन टप्पे एकाच इलेक्ट्रोडवर बसले आहेत. स्फटिकापेक्षा बोथट वाक असूनही ट्रायोड पुढे गेला तो या दुसऱ्या टप्प्याच्या जोरावर.

कंडेन्सरची किंमत दोन मागण्यांमधील तडजोड आहे. सांगलीच्या लहरीला २५० पिकोफॅरडचा अडथळा जेमतेम ५०० ओहमचा वाटतो, पण १ किलोहर्ट्झच्या आवाजाला तो सहा लाख ओहमांहून अधिक असतो. म्हणून लहर ग्रिडपर्यंत पोहोचते आणि आवाज कॉइलमधून जमिनीत जात नाही. लीक आणि कंडेन्सर यांचा गुणाकार २५० मायक्रोसेकंद येतो, आणि त्या हिशेबाने ६०० हर्ट्झच्या वरचे स्वर दबायला हवे होते. प्रत्यक्षात ते बऱ्यापैकी ऐकू येतात. कारण भार केवळ लीकमधून जात नाही. वाकावर बसलेल्या ग्रिडचा स्वतःचा रोध, ०.०९ व्होल्टला ०.६ मायक्रोअँपिअरने भागले असता, दीड लाख ओहम येतो आणि तो लीकला समांतर असतो. त्यामुळे खरी मर्यादा ५ किलोहर्ट्झच्या जवळपास जाते.

लीक ४.७ मेगओहम केली तर धारवाड दिवसाही थोडे उठून ऐकू येते पण ‘स’ आणि ‘श’ यांतला फरक बुजतो. २२० किलोओहम केली तर स्वर उजळतात आणि आवाज पडतो. अण्णांचे म्हणणे पटले. आमच्या व्हॉल्व्हचा कॅथोड वेगळा असल्यामुळे लीक कॅथोडला जाते, परंतु जुन्या बॅटरी व्हॉल्व्हांत फिलॅमेंट हाच कॅथोड असे आणि त्याच्या दोन टोकांत काही व्होल्टांचा फरक पडे. १९२० च्या दशकात निर्वात नळीची लीक फिलॅमेंटच्या धन टोकाला आणि यूव्ही २०० सारख्या वायू राखलेल्या डिटेक्टर नळीची ऋण टोकाला जोडण्याचा संकेत होता, तो या वाकाच्या जागेमुळेच.

२५ जून २०१२

कालच्या नोंदीत राहिलेली एक बाब. सांगली लावताना प्लेटचा प्रवाह २.६ मिलिअँपिअरवरून १.९ वर उतरतो. प्रवाह उतरतो, चढत नाही. डिटेक्शन ग्रिडमध्ये होते याचा याहून थेट पुरावा नाही, कारण वाक प्लेटच्या आलेखात असता तर प्रवाह वाढला असता. एडविन आर्मस्ट्राँग या अमेरिकन अभियंत्याने १९१४ च्या अखेरीस हेच ऑसिलोग्राफच्या आलेखांनी दाखवले आणि तोवर आठ वर्षे वापरात असलेल्या ऑडिऑनचे काम पहिल्यांदा नीट समजले. विद्यार्थ्यांना ऑसिलोस्कोपआधी हा काटा दाखवावा, असे ठरवले आहे.

८ जुलै २०१२

प्रयोगशाळेतील सिग्नल जनरेटरवर १ मेगाहर्ट्झ, ३० टक्के मॉड्युलेशन ठेवून मोजमाप केले. ग्रिडवरील लहर २० मिलिव्होल्टवरून ४० केली की आवाज चौपट होतो. ८० वरून १६० केली तर तिपटीच्या थोडा वर, आणि १६० वरून ३२० केली तर अडीचपटीच्या आसपास. सिग्नल ०.०९ व्होल्टहून बराच लहान असताना डिटेक्टर वर्गाच्या नियमाने चालतो, मोठा झाला की सरळ रेषेकडे झुकतो. दूरचे केंद्र डिटेक्टरपर्यंत येताना निम्मे झाले तर कानापर्यंत ते चतुर्थांश होऊन पोहोचते; डिटेक्टरच्या आधी लहर थोडी जरी वाढवता आली तरी तिचा फायदा दुहेरी मिळतो तो यामुळे.

१५ जुलै २०१२

पावसाची झड लागून राहिली आहे. लीक काढून १० जूनची जोडणी पुन्हा केली असता व्हॉल्व्ह कोंडण्याचा परिणाम जवळजवळ नाहीसा झालेला आढळला. व्हॉल्व्हची बैठक पॅक्सोलिनची आहे आणि दमट हवेत तिच्या पृष्ठभागावरून गळती होते. केस वाळवण्याच्या यंत्राने बैठक कोरडी केली, तेव्हा कोंडणे परत आले. चिनी मातीच्या बैठकीवर हा फरक पडला नाही. लीक न जोडता ऑडिऑन कधी चाले, कधी न चाले, याच्या जुन्या तक्रारी हवेशीही संबंधित असाव्यात असे वाटते. फलकावर दोन्ही बैठका ठेवाव्यात.

२९ जुलै २०१२

प्लेट डिटेक्टर. लीक आणि कंडेन्सर काढून ग्रिडला बॅटरीने ऋण दाब दिला, इतका की प्लेटचा प्रवाह बंद होण्याच्या बेतात यावा. ४५ व्होल्टला त्यासाठी उणे तीन व्होल्टच्या आसपास लागतात. आता ग्रिडमध्ये प्रवाह नाही, त्यामुळे कॉइलवर भार नाही आणि सांगली डायलवर अरुंद होते. सिग्नल आला की काटा वर चढतो. मात्र प्लेटच्या आलेखाचा वाक ग्रिडच्या वाकापेक्षा बराच सौम्य असल्याने धारवाड दिवसा ऐकूच आले नाही. सिग्नल मोठा असेल तेथे ही जोडणी स्वच्छ आवाज देते, आणि डिटेक्टरआधी अ‍ॅम्प्लिफायर असलेल्या पुढच्या काळातील सेटांत तिला स्थान मिळाले ते त्यासाठीच. एका व्हॉल्व्हच्या सेटला ती परवडत नाही.

१२ ऑगस्ट २०१२

ग्रिड-लीककडे परत. तिचा खर्च कोठे होतो हे आता आकड्यांत मांडता येते. आमच्या कॉइलची गुणवत्ता (‘क्यू’; ती जितकी जास्त तितके केंद्र डायलवर अरुंद) सुमारे १५० धरली तर १२५१ किलोहर्ट्झला तिचा समांतर रोध दोन लाख ओहमांच्या थोडा वर येतो. ग्रिडचा दीड लाखाचा रोध त्याला समांतर जोडला की गुणवत्ता साठावर उतरते आणि एरियलचा भार ती आणखी खाली नेतो. रात्री धारवाड आणि पुणे यांची सरमिसळ होते ती म्हणून.

आर्मस्ट्राँग कोलंबिया विद्यापीठात शिकत असताना, १९१२ मध्ये, त्याला आढळले की प्लेटच्या प्रवाहात वाहक लहरीचाही अंश शिल्लक असतो आणि तो योग्य दिशेने कॉइलला परत दिला तर कॉइलचा तोटा भरून निघतो. त्याच पाइपावर खालच्या बाजूला १५ वेढ्यांची टिकलर, म्हणजे हा अंश परत देणारी, कॉइल गुंडाळली आणि प्लेटचा प्रवाह तिच्यातून नेला. दोन तारांची अदलाबदल केल्यावर फीडबॅक योग्य दिशेला लागला. प्लेटचे व्होल्टेज पोटेन्शिओमीटरने हळूहळू वाढवत नेले की आवाज आधी मोठा होतो, मग अरुंद होतो, आणि एका टोकाला शीळ सुरू होते. शीळ सुरू होताच प्लेटचा काटा खाली येतो, कारण व्हॉल्व्ह आता स्वतःच्याच दोलनांचे डिटेक्शन करत असतो. शोधाच्या श्रेयावरून आर्मस्ट्राँग आणि डी फॉरेस्ट यांच्यात वर्षानुवर्षे खटले चालले आणि १९३४ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने डी फॉरेस्टच्या बाजूने निकाल दिला. ज्याला आपल्या नळीत डिटेक्शन कोठे होते हे सांगता येत नव्हते, त्याला फीडबॅकचे श्रेय मिळावे, हे मला आजही पटत नाही. अभियंत्यांच्या वर्तुळातही आर्मस्ट्राँगचा मान त्या निकालाने कमी झाला नाही.

१९ ऑगस्ट २०१२

रात्री नऊनंतरची चाचणी. गच्चीवरून आंब्यापर्यंत ताणलेली एरियल थेट कॉइलला न जोडता ५० पिकोफॅरडमधून जोडली, म्हणजे तिचा भार कमी झाला. फीडबॅक नसताना ७९२ वर पुण्याच्या बातम्यांमागे धारवाडचे कन्नड गाणे स्पष्ट ऐकू येत होते. शिळेच्या अगदी अलीकडे पोटेन्शिओमीटर नेला असता गाणे मागे हटले आणि बातम्या एकट्या उरल्या; आवाज मात्र थोडा जड झाला, कारण इतक्या अरुंद पट्ट्यात वरचे स्वरही कापले जातात. लीक ४.७ मेगओहम केल्यावर शिळेच्या जागी टकटक सुरू झाली: दोलने ग्रिड कोंडतात, थांबतात, भार ओसरला की पुन्हा उठतात. फलकावर कायमची लीक दोन मेगओहमची ठेवली आहे, ४.७ ची बाजूला क्लिपवर राहील. सेट शिळेवर असताना एरियल काढून ठेवावी अशी सूचना फलकावर लाल अक्षरांत लिहिली, कारण त्या अवस्थेत तो लहानसा ट्रान्समीटर असतो आणि शेजारच्या खोलीतील रेडिओवर त्याची शीळ ऐकू येते.